पणजीची नक्कल आणि माझी कादंबरी: घरातले न बोललेले कसे लिहावे?

तिसरी घंटा:

नमस्कार. गेली बावीस वर्षे मी पुण्यात नाटकांतून, आणि मधल्या काळात काही मालिकांतून, कामे करते आहे. दोन वर्षांपासून मी एक कादंबरी लिहिते आहे आणि ती एका ठिकाणी अडली आहे, म्हणून हा धागा काढत आहे.

आईचे आजोळ नारायण पेठेत. तो वाडा पुनर्बांधणीसाठी दिला, तेव्हा माळा रिकामा करताना पत्र्याच्या एका ट्रंकेत जुन्या लुगड्यात गुंडाळलेली एक लांबट वही मिळाली. वही उघडताच मला ओळखू आली, कारण अशा वह्यांबद्दल मी ज्येष्ठ नटांकडून ऐकले होते. ती संगीत शारदा नाटकातील नक्कल होती, म्हणजे एकाच भूमिकेपुरती उतरवून घेतलेली वाक्ये; शारदेच्या मैत्रिणींपैकी एकीच्या भूमिकेची. अक्षर टाकाने लिहिलेले, गोल आणि घाईचे. बाकीच्या पात्रांची वाक्ये त्यात नाहीत. त्यांचे फक्त शेवटचे दोन शब्द तांबड्या शाईने लिहिले आहेत आणि त्याखाली आपले वाक्य आहे. समासात बारीक अक्षरात ‘पदर’, ‘हळू’, ‘श्वास’ असे शब्द आहेत. मलपृष्ठावर धोब्याचा हिशेब आहे: लुगडी ४, पोलकी ६. पानांच्या खालच्या अर्ध्या भागावर पाण्याची तपकिरी रेघ आहे. १२ जुलै १९६१ रोजी पानशेत फुटले तेव्हा वाड्याच्या खालच्या खोल्यांत पाणी शिरले होते, त्याची ती खूण.

ही वही माझ्या पणजीची, म्हणजे आईच्या आईच्या आईची. १९३४ ते १९३७ अशी सुमारे तीन वर्षे ती एका लहान नाटक मंडळीत होती. नंतर तिच्यापेक्षा चौदा वर्षांनी मोठ्या बिजवराशी तिचे लग्न झाले आणि घरात नाटक हा शब्दही कोणी उच्चारला नाही. १९७९ साली ती गेली. माझा जन्म त्यानंतरचा. आमच्या कुलवृत्तांतात तिच्यासाठी एक ओळ आहे, आणि त्या ओळीत तिचे सासरचे नाव, माहेरचे आडनाव आणि मुलांची संख्या यांपलीकडे काही नाही.

मी नाटकात आले तेव्हा आजीने आठ दिवस अबोला धरला होता. त्या अबोल्याचा अर्थ मला वीस वर्षांनी, ती वही हातात धरल्यावर कळला.

प्रश्न असा आहे, की जे कोणी सांगितले नाही, जे लिहून ठेवलेले नाही, ते मी कादंबरी म्हणून रचावे का? की जेवढे हाती आहे तेवढ्यावर एक प्रामाणिक दीर्घ लेख लिहून थांबावे? दुसरी अडचण माझ्या पेशाची आहे. नटीला आपली एक भूमिका आतून उभी करता येते, पण कादंबरीत पणजीच्या नवऱ्याच्या, तिच्या सासूच्या, मंडळीच्या मालकाच्या जागीही उभे राहावे लागते. मी पणजीचे वाक्य लिहिते आणि समोरच्याचे वाक्य लिहायची वेळ आली की माझा हात थांबतो.

मुठेकाठी:

धागा वाचून फार बरे वाटले. मी नट नाही, नाटकाचा जुना प्रेक्षक आणि वाचक आहे, म्हणून वाचकाच्या बाजूने लिहितो.

मराठीत नट्यांनी पुष्कळ लिहिले आहे, पण त्यांनी प्रामुख्याने आत्मकथा लिहिल्या, कादंबऱ्या अगदी थोड्या. शांता आपटे यांचे ‘जाऊ मी सिनेमात?’ १९४० सालचे. हंसा वाडकर यांचे ‘सांगत्ये ऐका’ आधी ‘माणूस’ साप्ताहिकातून आले आणि १९७० साली पुस्तक झाले. त्यांनी सांगितले आणि अरुण साधू यांनी शब्दांकन केले. स्नेहप्रभा प्रधान यांचे ‘स्नेहांकिता’, लीला चिटणीस यांचे ‘चंदेरी दुनियेत’, १९८२ सालचे ‘मी, दुर्गा खोटे’ ही सगळी पुस्तके एका मांडणीत माझ्या कपाटात आहेत, आणि ती ओळीने वाचली की एक गोष्ट लक्षात येते. या बायकांबद्दल आयुष्यभर दुसऱ्यांनीच बोलून घेतले होते. तालमीच्या खोलीबाहेर, शेजारच्या गॅलरीत, वर्तमानपत्राच्या रकान्यात, सगळीकडे त्यांची गोष्ट त्यांच्याविना सांगितली जात होती. अशा वेळी त्यांना आपली बाजू ‘मी’ म्हणूनच मांडणे भाग होते. त्यांनी कादंबरी लिहिली असती, तर वाचक म्हणाला असता की हे कल्पित आहे, खरे तर आम्ही ऐकले तेच.

तुमची पणजी त्याच पिढीतली, पण तिने आत्मकथा लिहिली नाही आणि आता ती लिहिणारही नाही. तुम्ही तिच्या वतीने ‘मी’ म्हटलेत तर ते खोटे ठरेल, आणि तुम्ही गप्प बसलात तर तो अबोला आणखी एक पिढी पुढे जाईल. या दोहोंच्या मधे जी जागा उरते ती कादंबरीची आहे, असे मला मनापासून वाटते. कुलवृत्तांताने एक ओळ दिली म्हणून आपणही एका ओळीवर थांबावे, असे कोठे आहे?

टेकडीची वाट:

वारसा म्हणजे रंगभूमीचाच वारसा असे आपण धरून चाललो आहोत, म्हणून पुण्यातले एक उदाहरण मुद्दाम मांडते.

प्रभातचा ‘कुंकू’ १९३७ साली आला. त्यात म्हाताऱ्या वकिलाची समाजकार्य करणारी मुलगी ज्यांनी उभी केली त्या शकुंतला परांजपे. रँग्लर र. पु. परांजपे यांची ही मुलगी केंब्रिजला न्यूनम कॉलेजात गणित शिकून आलेली, जिनिव्हाच्या आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेत काही काळ काम केलेली. ज्या काळात ‘कुलीन स्त्रियांनी रंगभूमीवर आणि पडद्यावर यावे का’ यावर सभा भरत, त्या काळात त्यांनी पडद्यावर काम केले, आणि पुढे नाटके, कादंबरीलेखन, ललित लेखन, मुलांसाठी कथा असे कितीतरी लिहिले. र. धों. कर्वे यांनी सुरू केलेले संततिनियमनाचे काम त्यांनी पुण्यात नेटाने चालवले. १९६४ ते १९७० त्या राज्यसभेत होत्या आणि १९९१ साली त्यांना पद्मभूषण मिळाले. त्यांची मुलगी सई परांजपे यांना तर आपण सगळेच ओळखतो.

त्यांच्या घरात नाटक मंडळी नव्हती. घरात होती ती जे पटले ते चारचौघांत बोलण्याची सवय, आणि ती वडिलांकडून आली होती. त्यांच्या लेखणीला ती सवय पुरली. तिसरी घंटा, तुमच्या घरात नेमके याच्या उलट आहे: कला आहे आणि बोलणे नाही. म्हणून तुमच्या कादंबरीचा विषय पणजीचे नाटक हा नसून घराचे मौन हा आहे, असे मला वाटते. पणजी तीन वर्षे रंगमंचावर होती आणि बेचाळीस वर्षे गप्प होती. कादंबरीची पाने या हिशेबाने वाटली जातील का, याचा विचार करावा.

तिसरी घंटा:

बेचाळीस वर्षे हा आकडा मी कधी मांडलाच नव्हता. आतापर्यंतच्या एकशे दहा पानांपैकी नव्वद पाने नाटक मंडळीच्या दौऱ्यांची आहेत. ती मला सहज लिहिता आली, कारण विंगेतला काळोख, रंगाचा वास आणि नांदीच्या वेळी पोटात पडणारा खड्डा हे सगळे माझ्या ओळखीचे आहे. लग्नानंतरची पाने वीस, आणि तीही कोरडी झाली आहेत.

आपण ‘कुंकू’चा उल्लेख केलात आणि मी दचकले. ते पणजीच्या लग्नाचेच वर्ष. जिने आदल्या वर्षापर्यंत शारदेच्या मैत्रिणीचे काम करताना म्हाताऱ्या नवरदेवाची रोज रात्री थट्टा केली, तिला चौदा वर्षांनी मोठा नवरा मिळाला, आणि त्याच वर्षी जरठ-कुमारी विवाहावरचा तो चित्रपट गावात लागला. ती तो पाहायला गेली असेल, असे एक प्रकरण माझ्या मनात आहे. पण ती गेली होती याला काहीच आधार नाही.

पदांची वही:

मी संगीत नाटकांच्या जुन्या प्रती आणि पदे जमवतो, म्हणून नकलेबद्दल थोडे लिहितो. पुढच्या चर्चेला त्याचा उपयोग होईल.

नाटक मंडळीत संपूर्ण नाटकाची प्रत प्रत्येकाच्या हाती दिली जात नसे. कारकून किंवा एखादा धाकटा नट मूळ प्रतीवरून प्रत्येकाची नक्कल उतरवून काढी. त्यात उतरवण्याचे श्रम वाचत, कागद वाचे, आणि नवे नाटक दुसऱ्या मंडळीच्या हाती लागण्याची भीतीही कमी होई. याचा परिणाम असा, की नवख्या नटाला तालमी सुरू होईपर्यंत आपण कोणत्या गोष्टीत आहोत हेच पुरते कळत नसे. आपली वाक्ये पाठ, दुसऱ्याचे शेवटचे दोन शब्द पाठ, आणि मधे काय आहे ते तालमीत ऐकून जुळवायचे. शारदा हे नाटक अर्थात सर्वांना ठाऊक होते. देवलांचे हे नाटक १८९९ साली रंगभूमीवर आले आणि तुमच्या पणजीच्या वेळेपर्यंत त्याची पदे घराघरांत पोचली होती. तरीसुद्धा कामाची पद्धत तीच राहिली.

तुमच्या वहीतले अक्षर पणजीचे स्वतःचे असेल, तर नक्कल तिने स्वतः उतरवून घेतली होती. तिला लिहिता येत होते आणि तिने ते काम दुसऱ्यावर सोपवले नाही. समासातला ‘श्वास’ हा शब्द तर मला फार मोलाचा वाटतो. पदाच्या अलीकडे असेल, तर गाण्याआधी दम कोठे साठवायचा याची ती खूण आहे. गद्याच्या मधे असेल, तर एखाद्या जाणत्या माणसाने तालमीत तिला तेथे थांबायला सांगितले असणार. पान पुन्हा पाहून सांगाल का?

तिसरी घंटा:

पाहिले. ‘श्वास’ हा शब्द अकरा ठिकाणी आहे. नऊ ठिकाणी पदाच्या अलीकडे आहे आणि दोन ठिकाणी तांबड्या शब्दांच्या शेजारी, म्हणजे दुसरे पात्र बोलत असताना.

दुसरे पात्र बोलत असताना श्वास घ्यायचा, हे मला कोणत्याही शिबिरात कोणी शिकवले नव्हते. पहिली दहा वर्षे मी समोरच्याचे वाक्य संपण्याची वाट पाहत उभी राहत असे. ऐकत ऐकत श्वास घेणे मला पस्तिशीनंतर जमू लागले. हे तिला अठराव्या वर्षी ठाऊक होते, हे वाचून मी बराच वेळ वही मांडीवर घेऊन बसले होते.

मांडवीपारचा:

मी पुण्यात राहतो, पण आमचे मूळ गोव्याचे आणि आजी कलावंत घराण्यातली. या धाग्यावर एक बाजू अजून आलेली नाही, म्हणून लिहितो.

‘कुलीन’ हा शब्द वर सहज येऊन गेला. त्या शब्दाने त्या काळच्या बायकांचे दोन भाग केले. ज्या घरांतून कुलवृत्तांत छापले गेले तेथल्या बाईने नाटकात काम केले, तर ते लपवायचे. आणि आमच्यासारख्या घरांत गाणे-बजावणे आईकडून मुलीकडे उघडपणे येत होते, पण त्या घरांचा कुलवृत्तांत कोणी छापला नाही. हंसा वाडकर यांचे मूळ नाव रतन साळगावकर. घरच्या आडनावाला बाध नको म्हणून पडद्यावर दुसरे नाव घ्यावे लागले, आणि गंमत म्हणून नव्हे तर नाइलाजाने घेतलेले ते नावच शेवटी त्यांचे झाले. १९३३ साली नाट्यमन्वंतर या नाट्यसंस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ हे नाटक केले, त्यात ज्योत्स्नाबाई भोळे उभ्या राहिल्या, तेव्हा स्त्रीची भूमिका स्त्रीने करणे हा नव्या रंगभूमीचा विशेष म्हणून गौरवला गेला, आणि तो गौरव योग्यच होता. पण त्यापूर्वीही आमच्या आज्या-पणज्या केवळ बायकांच्या मंडळ्यांतून, पुरुषांच्या भूमिकांसकट, नाटके करत होत्या.

तुमच्या पणजीच्या मंडळीत अशी एखादी बाई नक्की असणार. पेठेतून आलेल्या मुलीला पदर कसा सावरायचा, दम कोठे घ्यायचा हे तिनेच शिकवले असण्याचा संभव मोठा आहे. कादंबरीत ती येणार असेल, तर कृपा करून तिला दुःखी, त्यागी, दाराआड रडणारी करू नका. माझी आजी पहाटे चारला उठून तानपुरा जुळवी, नाइटच्या, म्हणजे दर प्रयोगाच्या, पैशांचा हिशेब चोख ठेवी आणि भाजीवाल्याशी तासभर घासाघीस करी. तिच्या कामाबद्दल तिच्या मनात कसलाही संकोच नव्हता. संकोच दुसऱ्यांच्या डोळ्यांत होता.

तिसरी घंटा:

आपण लिहिलेत ते वाचून मला माझी चूक दिसली. माझ्या मसुद्यात अशी बाई आहे, आणि मी तिला नेमके दाराआड रडतानाच दाखवले आहे. ते प्रकरण मी पुन्हा लिहीन. तानपुरा जुळवण्याची पहाटेची वेळ मी आपल्याकडून उसनी घेऊ का?

मांडवीपारचा:

अवश्य घ्या. आजीला आवडले असते.

अक्षरजुळणी:

मी प्रकाशनात संपादनाचे काम करते. नट-नट्यांची हस्तलिखिते माझ्या हातून बरीच गेली आहेत, म्हणून थोडे स्पष्ट लिहिते. राग मानू नये.

नट लिहू लागला की पहिली अडचण संवादांची येते. संवाद उत्तम असतात, पण सगळीच पात्रे उत्तम बोलतात, आणि घरात माणसे तशी बोलत नाहीत. दुसरी अडचण प्रवेशांची. प्रत्येक प्रकरणात कोणी तरी दारातून येते आणि शेवटी कोणी तरी निघून जाते. तिसरी अडचण अशी, की लेखकाला टाळीची जागा ठाऊक असते आणि तो प्रकरण तेथेच संपवतो. वाचकाला पुस्तकात टाळी वाजवायची नसते; त्याला पान उलटायचे असते. त्याच बरोबर नटाकडे असे काही असते, जे आम्हा बाकीच्यांना कष्टाने मिळवावे लागते. हातात वस्तू असताना माणूस कसा बोलतो, हे त्याला ठाऊक असते. प्रिया तेंडुलकर यांच्या कथा मी पुन्हा वाचते तेव्हा मला हेच दिसते. विजय तेंडुलकरांची मुलगी आणि ‘रजनी’ म्हणून घरोघरी माहीत झालेली नटी, ही दोन्ही ओझी बाजूला ठेवून त्यांनी कथेत स्वतःचा आवाज शोधला.

तुमच्या मूळ अडचणीबद्दल मला असे वाटते, की समोरच्याचे वाक्य लिहिताना हात थांबतो तो पेशामुळे थांबत नाही. पणजीची बाजू घेण्याचा तुमचा निश्चय आधीच झाला आहे, म्हणून तो थांबतो. तिच्या नवऱ्याला तुम्ही खलपुरुष ठरवून बसला आहात, आणि खलपुरुषाला वाक्ये सुचत नाहीत, फक्त धमक्या सुचतात. त्या माणसाने ती ट्रंक पाहिली नसेल का? महापुराच्या दिवशी सामान वर कोणी नेले?

जमल्यास मसुदा कोणाला तरी मोठ्याने वाचून दाखवा. वीणाताई देव आणि विजय देव यांनी गोनीदांच्या कादंबऱ्यांची अभिवाचने वर्षानुवर्षे केली, मृणाल कुलकर्णीही त्यांत वाचत, आणि ती ऐकताना कादंबरीतले कोणते वाक्य तोंडात बसते आणि कोणते अडते हे श्रोत्यालाही कळे. तुमचा तर हा रोजचा सराव आहे.

उंबरठा:

मी या धाग्यावर एकटाच विरोधी सूर लावतो आहे याची मला जाणीव आहे, पण लिहिल्यावाचून राहवत नाही.

आमच्या घरातल्या एका नातेवाइकाने घराण्यावर कादंबरी लिहिली. नावे बदलली होती, पण गावात सर्वांनी माणसे ओळखली. माझ्या आत्याच्या पहिल्या लग्नाची गोष्ट, जी तिने स्वतःच्या मुलांनाही सांगितली नव्हती, ती त्या पुस्तकात सतरा पाने भरून होती. आत्या त्यानंतर कोणत्याही कार्याला आली नाही. लेखकाचा हेतू वाईट नव्हता, पुस्तकही वाईट नव्हते, पण आत्याला कोणी विचारले नाही.

तुमच्या पणजीने बेचाळीस वर्षे जे सांगितले नाही ते सांगू नये, असाच तिचा निर्णय असेल, तर त्या निर्णयाचे काय? मौन नेहमी लादलेलेच असते असे आपण का धरावे? काही माणसे आपल्या आयुष्याचा एक तुकडा स्वतःसाठी ठेवतात.

मुठेकाठी:

उंबरठा यांचे म्हणणे मनाला लागले. मी माझ्या पहिल्या प्रतिसादात पणजीच्या इच्छेचा विचारच केला नव्हता, हे मान्य करतो.

तिसरी घंटा:

उंबरठा, आपण लिहिलेत हे फार बरे झाले. हीच शंका मला रात्री जागे ठेवते. दोन दिवस विचार करून उत्तर लिहीत आहे.

पणजीने कोणाला काही सांगितले नाही, हे खरे. पण तिने ती वही फाडली नाही, बंबात घातली नाही, रद्दीत दिली नाही. १९३७ साली सासरी येताना आणली ती वही १९६१ साली पाण्यात भिजल्यावर तिने वाळवली असली पाहिजे, कारण पाने एकमेकांना चिकटलेली नाहीत. प्रत्येक पान सुटे करून, मधे काही घालून वाळवल्याशिवाय ओली वही अशी राहत नाही. त्या आठवड्यात वाड्यात प्यायला धड पाणी नव्हते, धान्य कुजले होते, चिखल खरवडून काढावा लागत होता. अशा वेळी चव्वेचाळीस वर्षांच्या, मुलाबाळांच्या बाईने नकलेची पाने एकेक करून वाळवली. ती कोणी तरी वाचावी म्हणून वाळवली, असे मी म्हणणार नाही. पण ती नष्ट व्हावी अशी तिची इच्छा नव्हती, एवढे मी म्हणू शकते.

तरीही आपल्या आत्याबाईंची गोष्ट माझ्या मनातून जाणार नाही. पणजीची धाकटी मुलगी, माझी मावशीआजी, कोथरूडला असते. ब्याऐंशी वर्षांची आहे. मी तिला अजून काही विचारलेले नाही, कारण आजीचा अबोला मला आठवतो. आता आधी तिच्याकडे जाईन आणि तिने नको म्हटले, तर कादंबरी थांबवीन.

मोडीवाचक:

मावशीआजींकडे जाण्यापूर्वी कागदांचे काम जेवढे होईल तेवढे करून घ्यावे, असे सुचवतो. एखादे वर्ष, एखादे गाव आपल्याला आधीच ठाऊक असले की म्हाताऱ्या माणसाला आठवायला सोपे जाते. जुन्या वर्तमानपत्रांच्या फाइलींमध्ये नाटकांच्या आणि चित्रपटांच्या जाहिराती असतात. पुणे मराठी ग्रंथालय आणि केसरी-मराठा ग्रंथालय येथून सुरुवात करा. ‘कुंकू’ गावात कोणत्या थिएटरात, कोणत्या आठवड्यांत लागला होता हे जाहिरातींवरून निघू शकेल. प्रभातच्या चित्रपटांविषयीचे कागद पाहायला लॉ कॉलेज रस्त्यावरचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. लहान मंडळीच्या जाहिरातीत मैत्रिणीचे काम करणाऱ्या मुलीचे नाव सापडण्याची फार आशा धरू नका. तेथे मुख्य नटांची नावे असत. पण मंडळी कोणत्या महिन्यात कोणत्या गावी होती, याचा माग लागतो.

माझा स्वतःचा नियम असा आहे: जे तपासता येते ते तपासावे, आणि तपासता येत नाही तेथेच कल्पना करावी. चित्रपट कोठे लागला होता हे तपासता येते. ती तेथे गेली का, हे कोणालाच तपासता येणार नाही. तिला खुशाल पाठवा, पण तिकिटाचा दर आणि खेळाची वेळ बरोबर असू द्या.

टेकडीची वाट:

यात एक भर घालते. ती चित्रपटाला गेली असे लिहायचे असेल, तर कोणाबरोबर गेली हे आधी ठरवा. नव्या सुनेने एकटीने जाण्याचा तो काळ नव्हता. नवराच घेऊन गेला असेल तर? शेजारच्या खुर्चीवर तो बसला आहे, पडद्यावर म्हातारा नवरा आहे, आणि दोघेही एकमेकांकडे न पाहता समोर पाहत आहेत. अक्षरजुळणी म्हणतात त्याप्रमाणे त्या माणसाला तेथे काय वाटले असेल?

तिसरी घंटा:

हे वाचले आणि पहिल्यांदाच त्याचे वाक्य मला ऐकू आले. घरी परतताना तो फक्त एवढेच विचारतो, की टांगा करू या का.

तिसरी घंटा:

तीन आठवड्यांनी लिहीत आहे. काल मावशीआजीकडे जाऊन आले.

वही पिशवीतच ठेवली होती. आधी तिला विचारले, की आजीच्या आईबद्दल मी काही लिहिते आहे, वाचून दाखवू का. तिने टीव्ही बंद केला आणि चष्मा काढून ठेवला. ती लक्ष देऊन ऐकते तेव्हा चष्मा काढते. मी लग्नानंतरचे नव्याने लिहिलेले प्रकरण वाचले, ज्यात टांग्याचे वाक्य आहे. तिने मधे एकदाही टोकले नाही. वाचून झाल्यावर म्हणाली, “अण्णा असेच बोलायचे. पण टांगा नाही गं, ते चालतच आणायचे तिला. नदीच्या बाजूने.”

म्हणजे ते दोघे कोठून तरी रात्री चालत घरी येत असत. कोठून, ते तिला आठवत नाही.

मग मी वही काढली. मावशीआजीने ती याआधी कधीच पाहिली नव्हती. तिने तांबड्या शब्दांवर बोट ठेवले आणि ते मोठ्याने वाचले, दोनच शब्द, आणि थांबली. मग पुढच्या पानावरचे दोन शब्द, आणि पुन्हा थांबली. तिचा चेहरा बदलत गेला. ती म्हणाली, की आई तांदूळ निवडायला बसली की असेच करायची. दोन शब्द पुटपुटायची, मग नुसते ओठ हलायचे, सुपातला हात थांबायचा, आणि पुन्हा दोन शब्द. मुले जवळ आली की गप्प व्हायची. “आम्हाला वाटायचे, जप चालला आहे. दादा तर तिला त्या वेळी हाकसुद्धा मारू द्यायचा नाही कोणाला.”

लिहू का, असे मी विचारले. तिने सरळ उत्तर दिले नाही. वही मला परतही दिली नाही. आठ दिवस माझ्याकडे राहू दे, म्हणाली, आणि ती उशीखाली न ठेवता देवघराच्या फडताळात, पोथ्यांच्या शेजारी ठेवली.

पुढच्या रविवारी जायचे आहे. येताना सूप घेऊन ये, असे तिने सांगितले आहे. तिच्याकडे आता प्लास्टिकचे ताट आहे, आणि आई कशी बसायची ते त्यावर दाखवता येत नाही, म्हणाली.